चौथी शिवण

शहापुरात, कोरे गल्लीच्या तोंडाशी
माग थांबले की
माझ्या सुईचा दोरा सरकताना ऐकू येतो.

मला इंग्रजी वाचता येत नाही.
पण हे पुस्तक मी चारदा उसवलं, चारदा शिवलं.
ज्याची हाडं मोजली
त्याला ओळखत नाही असं कसं म्हणू?

पहिल्यांदा आणलं नंदगडकर वकिलांनी,
सायकलच्या कॅरिअरला, जुन्या धोतराच्या फडक्यात.
"व्यापाराचा कायदा आहे, सांभाळून," म्हणाले,
जशी काय आत अंडी होती.
पैसे पुढल्या महिन्यात द्यायचे.
मी पुस्तक आधी द्यायचो.

पुस्तक कुठं कुठं जगलं ते कडा सांगतात.
प्रस्तावना कोरी, ती कुणीच वाचत नाही.
करार सुरू होतो तिथं बोटांचा तेलकट डाग.
भागीदारीच्या पानांत निपाणीची तंबाखू, भुकटी झालेली.
मी दोनदा शिंकलो आणि वकील हसले,
"दोघा भावांची एक वखार होती.
आता दोन आहेत."
समासात मराठी, तिच्याखाली कानडी,
एका ठिकाणी मोडी, घाईची, पेढीवरची.
तीन हात एकाच वाक्याशी भांडलेले,
वाक्य जागचं हललेलं नाही.

माझ्या दुकानाची पाटी मात्र तीनदा रंगवावी लागली.

एका शब्दाखाली दोन रेघा होत्या.
"संमती," वकील म्हणाले,
"न भिता, न फसता दिलेला होकार."
मी विचारलं, मग गावाला कोण विचारतं?
"हे पुस्तक फक्त मालाचं बोलतं," म्हणाले
आणि बराच वेळ रस्त्याकडे बघत बसले.

चौथ्यांदा आणलं तेव्हा हात कापत होते.
मी खळ शिजवली,
कसर लागू नये म्हणून मोरचूद टाकलं,
पाठीला तांबडं बुकरम.
न्यायला आले नाहीत.
तेराव्यानंतर कळलं.

एकशेवीस रुपयांची चिठ्ठी आत,
पुस्तक कपाटावर, सहा वर्षं.
रद्दीवाला वजनाच्या नजरेनं बघायचा.
मी मान हलवायचो.

परवा ती आली, वकिलांची नात, स्नेहप्रभा,
धारवाडला कायदा शिकते.
"मामा, पुस्तक न्यायला आलो," म्हणाली.
आमच्याकडच्या पोरी अशाच बोलतात,
धारवाडनं अजून ते काढून घेतलेलं नाही.

मी म्हटलं, जुनं झालं की गं हे,
नवी निघत असतील.
"निघतात की, दरवर्षी.
काय बदललं ते त्यात असतंय.
का, ते बघायला आजोबा ह्यातच जायचे."

उभ्या उभ्या उघडलं तिनं.
शिवण नवी, तरी एका पानावर आपणहून पडलं.
ती मनात वाचत गेली, मग थांबली, मग मराठीत सांगितलं,
ज्यानं दुसऱ्याच्या वस्तूवर आपलं कसब खर्चलं
त्याला मजुरी मिळेपर्यंत
ती वस्तू अडवून ठेवायचा हक्क आहे.
कलम एकशेसत्तर.
आणि समासात आजोबांचं बारीक अक्षर:
"उदा. शहापूरचा बाइंडर."

चाळीस वर्षं मी ते पान शिवत होतो
आणि त्यात मीच होतो.
आणि म्हातारा बोलला नाही एका शब्दानं!
पुढल्या महिन्यात, पुढल्या महिन्यात...

तिनं दोनशेची नोट काढली.
मी विचारलं, पैसे घेतले की हक्क संपतो काय?
"संपतो."
मग राहू दे तिथंच, चिकटवायच्या फळीवर.
पलीकडे हाक मारली, दोन चहा.
चहा येईतोवर पुस्तक माझं.

"तुमचं नाही मामा, तुमच्याकडं,"
तिनं दुरुस्त केलं.

वकिलाचीच नात.